तिजोरी जागची हलली नाही

१२ जानेवारी

दुकान आज बंद झालं. रस्ता रुंद करायचा म्हणून आमची अख्खी ओळ पाडणार आहेत. काउंटर निघाला, कपाटं निघाली, बाबांच्या हातची पाटीसुद्धा निघाली. राहिली फक्त जुनी तिजोरी. बाबांनी ती भिंतीतच चिणून घेतली होती. ती काढायची तर भिंत फोडायला हवी, आणि भिंत फोडायला यंत्र उद्या येतंच आहे. तिचं दार उघडं ठेवून आले. रिकाम्या तिजोरीला कुलूप लावून यायला जीव होईना.

आता घड्याळदुरुस्ती घरून. लेक लग्न होऊन गेल्यापासून मागची खोली रिकामीच होती. मास्तरांनी (म्हणजे माझ्या नवऱ्याने, शाळेत गणित शिकवतात आणि घरीही मास्तरच असतात) माझ्या टेबलासाठी खिडकीखालची जागा मोजून दिली. दर खेपेला वेगळं माप आलं. शेवटी टेबल ढकललं, बसलं.

सामान हलवायला दादा आला होता. माझा मोठा भाऊ, मालवाहतुकीचा धंदा. पण टेम्पो दुसऱ्याचा घेऊन आला. "माझा गॅरेजात आहे," म्हणाला. मी म्हटलं, "अजून?" तर म्हणतो, "म्हातारा झालाय गं, त्याला भरपगारी रजा दिलीय." हसून हसून पुरेवाट.

दादा नसता तर आजचा दिवस मला झेपला नसता.

१९ जानेवारी

नवी तिजोरी आली. कमरेएवढी उंच, करड्या रंगाची, दिसायला मठ्ठ. दादा आणि त्याच्या ओळखीचा एक हमाल, दोघांनी दोन चाकांच्या ढकलगाडीवर पट्ट्याने आवळून आत आणली. दादा घामाघूम. "चिमणे, यात घड्याळं ठेवणार आहेस की मास्तरांना?"

जागेवरून वाद झाला. दादाचं म्हणणं, मागच्या दाराशी ठेव, उजेड आहे, हवा आहे. मी कोपरा धरून बसले. कोपऱ्यात दोन बाजूंना भिंत, पहार घालून उचकटायला जागाच राहत नाही. शेवटी कोपराच ठरला.

मग बोल्टचा विषय. विकणाऱ्याने बजावून सांगितलंय, जमिनीला बोल्ट मारून घ्या, तळाला त्यासाठीच भोकं ठेवलीत. दादाने उडवूनच लावलं. "फरशी फुटेल. खालून पाण्याची नळी गेली असेल तर घरात तळं होईल. उद्या खोली बदलावीशी वाटली तर? आणि एवढं धूड उचलून नेणार कोण?"

"आत्ता तुम्ही दोघांनी आणलंच की," मास्तर म्हणाले.

दादा मास्तरांच्या पाठीवर थाप मारून म्हणाला, "अहो, आम्ही म्हणजे आम्ही!"

बोल्ट राहिले. इतक्या मायेने राबणाऱ्या माणसाशी किती हुज्जत घालायची?

२ फेब्रुवारी

आज पेटीवाले आले. बाबांच्या काळापासूनचं गिऱ्हाईक. जुनी घड्याळं जमवायचा नाद आहे. मखमली पेटीतला सगळा संग्रह साफसफाईला ठेवून गेले. त्यातलं एक खिशातलं घड्याळ उघडून पाहिलं आणि श्वास रोखला गेला. आतल्या पुलावर, म्हणजे चाकं धरून ठेवणाऱ्या पट्टीवर, केसाएवढ्या रेषांनी वेल कोरलाय, जो वापरणाऱ्याला कधी दिसणारही नाही. कोणासाठी कोरला असेल?

दादा दुपारी आला होता. हल्ली जवळजवळ रोज येतो, खुर्ची ओढून बसतो, चहा पितो. पेटी पाहून म्हणाला, "किमतीला कितीशी असतील गं?" मी म्हटलं, "माझं घर आणि तुझा टेम्पो दोन्ही विकले तरी एवढी पेटी येणार नाही." त्याने शीळ घातली.

मध्येच दाराची घंटा वाजली. मी उठून गेले. परत येऊन पाहते तर मी उघडं टाकून गेलेल्या घड्याळावर दादाने काचेचं झाकण ठेवलेलं. "बाबांची शिस्त," म्हणाला. लहानपणी एकदा तो टेबलाशी शिंकला होता आणि एक स्प्रिंग कायमची गेली होती. बाबा त्याला काही बोलले नाहीत, पण त्या दिवसापासून दादा उघडं घड्याळ दिसलं की झाकतोच. हा धंदा काही तो शिकला नाही. बोटं जाड, त्याला काय करणार! पण ही सवय गेली नाही.

९ फेब्रुवारी

आज थोडक्यात वाचले.

तिजोरीचं दार पूर्ण उघडून मी खालचा खण ओढत होते. दार जड, खणही भरलेला. अख्खी तिजोरी हळूच पुढे कलायला लागली, माझ्या अंगावर. मला ओरडताही येईना. मास्तर शेजारच्या खोलीतून कसे आले, कसा खांदा लावला, देवाला माहीत. तिजोरी परत मागे टेकली तेव्हा धाडकन आवाज झाला आणि मी खाली बसकण मारली.

मास्तर पांढरेफटक पडले होते. "बोल्ट," एवढंच म्हणाले.

"दादा नाही म्हणतो."

"दादा तिजोरीखाली सापडणार नाहीयेत. तू सापडशील."

१३ फेब्रुवारी

बोल्ट बसले!

दादा आठवडाभर बाहेरगावी भाड्यावर गेलाय, म्हणून हीच वेळ साधली. हार्डवेअरवाल्याने एक ड्रिलवाला धाडला. काडीपैलवान आणि तोंडाचा पट्टा अखंड सुरू. "ताई, गावात भोकं पाडणारे पुष्कळ, पण माझं भोक म्हणजे भोक." मास्तरांनी त्याला पाण्याच्या नळीचा नकाशा काढून दिला. त्याने तो आदराने खिशात घातला आणि मोरीतला नळ सोडून फरशीला कान लावून बसला. नळी मास्तरांनी दाखवलेल्या जागेच्या बरोब्बर उलट्या बाजूला निघाली.

तिजोरी सरकवली, खुणा केल्या. आधी फरशीत हलक्या हाताने, न ठोकता. मग खालच्या काँक्रीटमध्ये दणदणाट. घरभर धूळ, टेबल मी आधीच चादरीने गुंडाळलं होतं. प्रत्येक भोकातली धूळ त्याने सायकलच्या पंपाने फुंकून काढली. धूळ राहिली तर बोल्ट नुसता गरागरा फिरतो, धरत नाही म्हणे. मग तिजोरी जागेवर आणून आतून बोल्ट घातले आणि पान्याने आवळत गेला. जसं आवळावं तसा बोल्ट खाली जमिनीत फुगतो आणि घट्ट बसतो. शेवटी मला म्हणाला, "ढकला." मी ढकलली, मास्तरांनी ढकलली. भिंत ढकलावी तसं.

गंमत अशी की बाहेरून काहीच दिसत नाही. बोल्टची डोकी आत, त्यावर खालची फळी. दार लावलं की तीच मठ्ठ तिजोरी.

मास्तरांना म्हटलं, दादाकडे विषय काढू नका. फरशीला भोकं पाडली कळलं तर उगाच तोंड फुगवून बसेल. सवडीने मीच सांगेन.

२१ फेब्रुवारी

लेकीला बरं नाही. पोटुशी आहे, डॉक्टरांनी पडून राहायला सांगितलंय, आणि जावई भांबावलेत. उद्या सकाळी आम्ही दोघं निघतो. दोन दिवस राहून येऊ.

दादा आला होता. झाडांना पाणी घालायला किल्ली त्याच्याकडे दिली. लेकीची किती काळजी त्याला! कुठल्या गाडीने जाणार, कुठल्या गाडीने परत, सगळं विचारून घेतलं. "निवांत जा. इथलं मी बघतो," म्हणाला. मी म्हटलं, "टेबलावर एक घड्याळ अर्धवट उघडं आहे, तेवढं टेबल पुसू नकोस रे बाबा." तो म्हणाला, "मला सांगतेस?"

२४ फेब्रुवारी

काय लिहू. हातात पेन धरलंय खरं.

दुपारी आलो. दाराचं कुलूप जसंच्या तसं. किल्ली फिरवली, आत शिरलो. मास्तर बॅग ठेवायला मागच्या खोलीत गेले ते तिथेच उभे राहिले. मी मागोमाग गेले.

फरशी फुटली होती. तिजोरीच्या पुढच्या बाजूला, चक्काचूर. भिंतीचा गिलावा खरवडून विटा दिसत होत्या. तिजोरी किंचित तिरकी होती, पण तिथेच होती, बंद. दाराला ओरखडासुद्धा नाही. पहारेच्या खुणा सगळ्या तळाशी. एका बाजूला आवळायचा पट्टा पडलेला. आणि फरशीवर, तिजोरीच्या पुढच्या कडेपासून दारापर्यंत, रक्ताचे थेंब. सुकून काळे पडलेले.

मी आधी काय केलं असेल? टेबलाकडे धावले. मला वाटलं, सगळं विस्कटलं असेल, स्क्रू कुठे, चाकं कुठे. टेबल जसंच्या तसं! एक स्क्रू इकडचा तिकडे नाही. उघड्या घड्याळावर काचेचं झाकण नीट ठेवलेलं. एवढी तोडफोड करणाऱ्या माणसांनी माझ्या टेबलाला हात लावला नाही. मला एकदम रडूच आलं. काय म्हणावं असल्या चोरांना?

तिजोरी उघडली. पेटी आहे. सगळी घड्याळं आहेत. आतले पुढचे दोन बोल्ट वाकलेत, पण जमीन सोडली नाही त्यांनी.

दादाला फोन केला. वहिनीने उचलला. दादा तापाने फणफणलाय, काल झाडांना पाणी घालायलाही जाऊ शकला नाही म्हणे. "घरात चोर शिरल्याचं त्याला सांगू नको, काळजी करत बसेल," मी म्हटलं. वहिनीने फोन ठेवून दिला. घाबरली असेल बिचारी.

२५ फेब्रुवारी

पोलीस येऊन गेले. तपास एका मॅडमकडे आहे. कमी बोलतात, खूप बघतात. पट्टा पिशवीत घातला, रक्ताचा डाग खरवडून घेतला.

"कापायची हत्यारं आणली नव्हती त्यांनी," म्हणाल्या. "तिजोरी इथे फोडायची नव्हतीच. उचलून न्यायची होती. बोल्ट आहेत हे कोणाकोणाला माहीत होतं?"

"मला, मास्तरांना आणि बसवणाऱ्याला."

"आणि किल्ली?"

"आमच्या दोघांकडे. जादाची पुढच्या खोलीत खिळ्याला असते. ती भावाकडे दिली होती झाडांसाठी. पण तो घरचाच माणूस, आजारी आहे. त्याला यात ओढू नका."

त्यांनी लिहून घेतलं आणि पेन तसंच धरून माझ्याकडे पाहत राहिल्या. मला राग आला. घरात परका कोण आला होता? तो ड्रिलवाला! किल्ली खिळ्याला होती, तो दिवसभर घरात होता, पेटी त्याच्या डोळ्यांसमोर मी बाजूला ठेवली होती. किल्लीचा ठसा घ्यायला कितीसा वेळ लागतो? मी सगळं स्पष्ट सांगितलं. मास्तर मध्ये काही बोलू पाहत होते, त्यांना थांबवलं.

पेटीवाल्यांना फोन करायची छाती होत नाही.

२७ फेब्रुवारी

दादाला भेटून आले. चेहरा उतरलेला, दाढी वाढलेली. उजव्या हाताला हे एवढं बँडेज. टेम्पोचं मागचं फाळकं हातावर पडलं म्हणे, दोन बोटं चेचली. त्यानेच ताप आला असणार. आमचं नशीबच फिरलंय. एकाच आठवड्यात लेक, घर आणि आता याचा हात.

मी जवळ बसले, डोक्यावरून हात फिरवला. तो कूस बदलून भिंतीकडे तोंड करून पडला. मग म्हणाला, "बोल्ट मारलेस आणि मला एका शब्दाने सांगितलं नाहीस."

चोरीबद्दल चकार शब्द नाही, आपल्याला परकं केलं याचंच दुःख! मी म्हटलं, "चुकलं रे माझं. तू रागावशील म्हणून नाही सांगितलं." त्याचे खांदे हलत होते. रडत होता. दादाला मी रडताना बाबा गेले तेव्हा पाहिलं होतं, त्यानंतर आज.

घरी येऊन मास्तरांवर उखडले. "बोल्टचं दादाला तुम्ही सांगितलंत ना?"

"नाही," मास्तर म्हणाले.

"मग त्याला कसं कळलं?"

ते चष्मा पुसत राहिले. बराच वेळ पुसला. जेवताना मान वर केली नाही. यांनीच सांगितलं असणार, कबूल करायला नको.

१ मार्च

दुपारी दार वाजलं. दारात एक बाई, भाजीची पिशवी हातात, ओठ आवळलेले. ड्रिलवाल्याची बायको.

मी आत या म्हटलं. ती उंबऱ्याबाहेरच उभी राहिली.

"रोज सकाळी पोलीस ठाण्यात बोलावतात त्यांना. दिवसभर बाकावर बसवून ठेवतात. हातातली कामं गेली. मी कामाला जाते तिथल्या मालकीणबाई विचारतात, तुझ्या नवऱ्याने कुठे हात मारला? तुम्ही त्यांना चोरी करताना पाहिलंत?"

"नाही, पण..."

"पण काय? त्यांनी स्वतःच्या हाताने बोल्ट आवळले. त्यांना चोरायचीच असती तर ते ढकलगाडीचा पट्टा घेऊन आले असते होय? ज्याने जमिनीला जखडली, तो तीच हलवायला येईल?" तिचा आवाज फाटला. "बाई, तुमची तिजोरी त्यांनी धरून ठेवली, आणि तुम्ही त्यांनाच धरून दिलंत!"

ती पायऱ्या उतरून गेली. मी किती वेळ दार धरून उभी होते कोण जाणे.

मग कामाला बसले. दुसरं करणार काय? एक मनगटी घड्याळ उघडलं. फोन वाजला. उठले, आणि माझा हात आपसूक गेला आणि घड्याळावर काचेचं झाकण ठेवून आला.

फोन वाजून वाजून बंद पडला. मी त्या झाकणाकडे पाहत होते.

चोराला हे कोणी शिकवलं?

२ मार्च

काल पुढे लिहिता आलं नाही.

मास्तर शाळेतून आले तेव्हा मी मागच्या खोलीत फुटक्या फरशीवर बसले होते. त्यांनी पिशवी खाली ठेवली आणि समोर बसले. मी विचारलं, "तुम्हाला कधी कळलं?"

"तू त्यांच्याकडून आलीस आणि म्हणालीस, बोल्टचं दादाला कोणी सांगितलं. तेव्हा."

"आणि बोलला नाहीत."

"तुझा भाऊ आहे. मी बोललो असतो तर तू आयुष्यभर मला माफ केलं नसतंस."

"आणि तो माणूस रोज बाकावर बसतोय, त्याचं काय?"

मास्तर फुटक्या फरशीचे तुकडे गोळा करू लागले. मला त्यांचा संताप आला, आणि त्याच क्षणी वाटलं, हा संताप मी त्यांच्यावर काढतेय कारण दुसऱ्याचं नाव तोंडातून निघत नाहीये.

सगळं होतं ना समोर? मागच्या दाराशी ठेव. बोल्ट नको. कुठल्या गाडीने परत? मी मोठ्या भिंगातून केसाएवढा तडा शोधते, आणि हे माझ्या नाकासमोर, खुर्ची ओढून रोज चहा पीत बसलं होतं.

अजूनही वाटतं, काहीतरी चुकतंय. उद्या जाईन आणि तो म्हणेल, वेडी आहेस का चिमणे.

३ मार्च

तो तसं म्हणाला नाही.

वहिनीने दार उघडलं आणि मला पाहून ती बाजूला झाली, जशी काही माझी वाटच पाहत होती. दादा पलंगावर बसलेला. मी म्हटलं, "झाकण तू ठेवलंस."

त्याने माझ्याकडे पाहिलं. बँडेजचा हात चादरीखाली सरकवला.

"टेम्पो कुठे आहे, दादा?"

"विकला. धंद्याचं दिवाळं निघालं तेव्हाच. रोज सकाळी डबा घेऊन बाहेर पडतो आणि बागेत बसतो. हिला पण माहीत नव्हतं."

"मला सांगायचं."

"तुला?" तो एकदम चढ्या आवाजात म्हणाला. "बाबांनी तुला टेबलाशी बसवलं, मला गाडीवर. तुझ्याकडे लोक पेट्या आणून ठेवतात. आणि तुझं काय जाणार होतं? विमा भरून देईल. तो पेटीवाला गडगंज आहे. तुझ्या हातातल्या कामाला मी धक्कासुद्धा लागू दिला नाही. झाकून ठेवलं ना मी नीट?"

हे तो माझ्यावर उपकार केल्यासारखं म्हणाला. मला वाटलं, माझ्या कानात काहीतरी बिघाड झालाय.

"त्या हमालाने पहार लावली, मी हात घातला खाली," तो बोलतच होता. "वाटलं, उचलली. अन् ती परत बसली माझ्या बोटांवर. ती हलेचना. आम्हाला कळेचना का हलत नाही." मग अगदी लहान मुलासारखा रडकुंडीला येऊन म्हणाला, "तू मला सांगितलं असतंस तर मी आलोच नसतो गं."

काय भयंकर गोष्ट सांगू? माझ्या ओठांवर पुन्हा आलं होतं, चुकलं रे माझं. दातांखाली दाबलं.

"तुझ्यामुळे एक माणूस रोज पोलिसांच्या बाकावर बसतोय. त्याचं नाव मी दिलं," मी म्हटलं. "उद्या सकाळी मी जाणार आहे ठाण्यात. तू आलास तर तुझ्याबरोबर. नाहीतर एकटी."

"चिमणे, तू माझी बहीण आहेस."

"म्हणून आज आले. नाहीतर सरळ तिकडेच गेले असते."

वहिनी दाराच्या चौकटीला धरून उभी होती. मी बाहेर पडताना तिने माझ्या हाताला धरलं, सोडलं, आणि आत गेली.

४ मार्च

बसस्टॉपवर दादा माझ्या आधी येऊन उभा होता. दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट. बँडेजवाल्या हाताचं बटण वहिनीने लावून दिलं असणार. बसमध्ये मला खिडकीची जागा दिली. वाटेत एकच बोलला, "पोरीची तब्येत कशी आहे?" मी म्हटलं, "आता उठून बसते."

ठाण्यात मॅडम बाहेर गेल्या होत्या. हवालदाराने विचारलं, काय काम? मी म्हटलं, आमच्या घरी चोरीचा प्रयत्न झाला, त्याबद्दल सांगायचंय. "फिर्यादी कोण?" मी. "आणि हे?" मला काही सुचेना. दादा म्हणाला, "मी आरोपी."

हवालदार गोंधळला. फिर्यादीने इकडे बसायचं, आरोपीने तिकडे, असं काहीतरी म्हणाला आणि मग इकडेतिकडे पाहू लागला. बाक एकच होता. त्याच्या दुसऱ्या टोकाला ड्रिलवाला बसला होता, गुडघ्यांवर हात ठेवून. त्याने मला पाहिलं आणि मान फिरवली. मॅडम येईपर्यंत आम्ही तिघंही त्याच बाकावर बसलो.

मॅडमना दादाने सगळं सांगितलं, हमालाचं नावसुद्धा. त्या म्हणाल्या, "उद्या आम्ही तुमच्याकडेच येणार होतो. स्वतः आलात, बरं केलंत." ड्रिलवाल्याला जायला सांगितलं. मी त्याच्यामागे फाटकापर्यंत धावत गेले, हात जोडले. तो म्हणाला, "ताई, हे तुम्ही माझ्या चाळीत येऊन बोला. तिथे सगळ्यांनी ऐकायला पाहिजे."

आत आले तेव्हा दादाला दुसऱ्या खोलीत नेलं होतं.

११ मार्च

चाळीत जाऊन आले. मास्तर बरोबर आले, न सांगता. अंगणात उभी राहून मोठ्याने सांगितलं की चोर माझा सख्खा भाऊ होता आणि मी निरपराध माणसाचं नाव घेतलं. बायका गॅलरीत जमल्या होत्या. मला वाटलं होतं, हे बोलून झाल्यावर हलकं वाटेल. नाही वाटलं. ड्रिलवाल्याची बायको ऐकत होती, मग म्हणाली, "ठीक आहे," आणि दार लोटून घेतलं.

पेटीवाल्यांनाही सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि पेटी घेऊन गेले. माझ्याबद्दल शंका नाही म्हणाले. पण घेऊन गेले. काम अर्धंच झालं होतं. तो वेल कोरलेला पूल मला साफ करायला मिळाला नाही.

२ एप्रिल

ड्रिलवाला येऊन वाकलेले बोल्ट काढून नवे घालून गेला. मी बोलावलं नव्हतं, मास्तर जाऊन घेऊन आले. या खेपेस तोंडाचा पट्टा बंद होता. काम मात्र तसंच. धूळ फुंकली, आवळलं, "ढकला" म्हणाला नाही. मीच ढकलून पाहिली.

गिऱ्हाइकं येतायत, काही येईनाशी झालीयत. लेकीला मुलगी झाली, दोघी सुखरूप आहेत. तिने फोनवर पहिलं विचारलं, "मामाला कळवलं?" तिला अजून काही सांगितलेलं नाही. मी म्हटलं, कळवते.

९ एप्रिल

आज दुपारी वहिनीचा फोन. दादाला जामीन मिळाला, काल घरी आला. जेवत नाही, बोलत नाही. खटला चालेल तेव्हा मला साक्षीला उभं राहावं लागेल, ते तिलाही माहीत आहे, त्याबद्दल तिने काही विचारलं नाही. मग म्हणाली, "त्यांना तुमच्याकडे यायचंय. पाच मिनिटं. दाराबाहेर उभे राहतील म्हणतात, आत येणार नाहीत. काय सांगू?"

मी उत्तर तयारच ठेवलं होतं. महिनाभर मनात घोळवलं होतं. या घरात पुन्हा पाऊल टाकायचं नाही, माझं तोंड बघायचं नाही, मला भाऊ नाही.

म्हटलं, "इतक्यात नको, वहिनी."

फोन ठेवला. मास्तर दाराशी उभे होते, त्यांनी ऐकलं होतं.

'नको' म्हणायचं होतं मला. 'इतक्यात' कुठून आलं, कळलं नाही.